भुयारात दिवे मालवले तेव्हा

बाबा, काल मी जमिनीखाली जाऊन आले. हसू नका. विहारातल्या महिला मंडळाची एका दिवसाची सहल होती. दरवर्षी आम्ही कुठल्यातरी लेण्यांवर नाहीतर धरणावर जातो, डबे खातो, परत येतो. या वर्षी अध्यक्षीणबाईंच्या सुनेनं मोबाईलवर शोधून काढलं, की मुंबईत समुद्राकाठच्या एका टेकडीच्या पोटात साहेबाच्या काळातलं भुयार आहे, लढाईसाठी खणलेलं, आणि गाईड बरोबर देऊन आत फिरवतात. माझे गुडघे म्हणत होते, नको. पण लेक मागेच लागली. "जा गं आई. रविवार आहे, मला सुट्टी आहे, पिल्लूला मी बघते. तू उंबऱ्याबाहेर कधी पडतेस?" म्हणून गेले. आता अंग असं आंबलंय की बसल्या जागी डोळे मिटतायत, तरी लिहायला बसलेय. तुम्हाला जाऊन पस्तीस वर्षं होऊन गेली. हे पत्र टाकायला पत्ता नाही हे मलाही कळतं, एवढी काही मी म्हातारचळ लागलेली नाही. पण ही गोष्ट तुमच्याशिवाय कुणाला सांगू? तुम्हालाच तेवढी ती कळेल.

आधी मुख्य काय ते सांगून टाकते. माझे कान गेले, बाबा. एकदम नाही गेले, तुमचे गेले तसेच, थोडे थोडे. आधी चिमण्या गेल्या, मग कुकरची शिट्टी, मग पाठीमागून मारलेली हाक. समोरच्या माणसाचं तोंड दिसत असलं की मला सगळं समजतं, त्यामुळे कुणाला पत्ता लागत नाही. कापडाच्या लूमच्या शेडमध्ये आयुष्य काढलेल्या बाईला ओठ वाचायला शिकवावं लागत नाही, त्या खडखडाटात दुसरी भाषाच नव्हती. पण घरात मी हे कुणाला सांगितलं नव्हतं, आणि त्याचं कारण आठ महिन्यांचं आहे. लेक काल्हेरच्या एका गोडाऊनमध्ये ड्युटीला जाते, सकाळी आठ ते संध्याकाळी सहा, येणाऱ्याजाणाऱ्या मालाच्या खोक्यांवर कोड वाचायचं मशीन मारते. जावई ट्रेलर घेऊन गुजरातकडे असतात, महिन्यातून चार दिवस घरी. मग नात, पिल्लू, माझ्याजवळ. आजीला ऐकू येत नाही म्हटल्यावर कोण पोर ठेवील तिच्याजवळ? लेकीला नोकरी सोडावी लागणार, नाहीतर पोर पाळणाघरात जाणार, आणि मी या दोन खोल्यांत भिंतींकडे बघत बसणार. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात ना, तशी मी मूठ झाकून बसले होते. पाळण्याची दोरी पायाच्या अंगठ्याला बांधायची. पिल्लू हलली की अंगठ्याला हिसका बसतो, हिसका बसला की मी उठते. माझ्या मते चाललं होतं बरं.

तुम्ही तरी दुसरं काय करत होता? शेडमध्ये तुम्ही जॉबर. बिघडलेला लूम दुरुस्त करायचा तो जॉबर, आणि जॉबरचा कान म्हणजे जॉबरची भाकरी. चाळीस लूम खडखडत असताना कुठल्याचा ठोका चुकतोय, कुठला धोटा पुढे जाऊन आपटणार आहे, हे त्यानं कानानं ओळखायचं. तुम्ही लूमजवळ जायचा, त्याच्या लोखंडी अंगावर तळहात टेकवायचा, डोळे मिटायचा, आणि पान्यानं नेमका तोच नट आवळायचा. सगळे बघत राहायचे. आपले सेठ सगळ्यांना कौतुकानं सांगायचे, "याचा हात न्हाय, डॉक्टर हाय." तुम्ही नुसते हसायचा. सेठ चांगला माणूस, दसऱ्याला शेडमधल्या पूजेला स्वतः नारळ आणून द्यायचे, पण बहिरा जॉबर त्यांनीही ठेवला नसता. कुणीच ठेवला नसता. तुमचे कान गेलेत हे आईला ठाऊक होतं. म्हणून ती तुमच्याशी बोलताना आधी समोर येऊन बसायची, आणि आम्हा पोरांना दटावायची, "बाबांशी बोलायचं तर तोंड वर करून बोला, खाली मान घालून पुटपुटू नका." मला वाटायचं, ही आपल्या घरची शिस्त.

काल बसमध्ये बसल्यापासून मला तुमची आठवण येत होती, का कोण जाणे. आपल्या कामतघरमधून निघालो ते सातला, आणि काल्हेरच्या पुढे ट्रकांच्या रांगेत पाऊण तास उभे. तुम्ही बघितलंत तर ओळखणार नाही. जिथे भाताची खाचरं होती तिथे गोडाऊन, त्याच्या मागे गोडाऊन, त्याच्या मागे वीस मजल्यांचे टॉवर. आपली शेडही बंद झाली, लूम भंगारात गेले. बायका गाणी म्हणत होत्या, मी टाळ्या वाजवत होते. टाळ्यांचं बरं असतं, दुसऱ्यांचे हात बघून वाजवता येतात.

भुयाराच्या तोंडाशी गाईड भेटली. पंचविशीची पोरगी, चटपटीत, कानापासून तोंडापर्यंत आलेला बारीक माईक, आणि कमरेला डब्यासारखा स्पीकर. पहिली दहा मिनिटं छान गेली. ती आमच्याकडे तोंड करून बोलत होती आणि मी पुढेच उभी होते. आत उतरत जाणारी वाट, वर विटांच्या कमानी, दोन्ही बाजूंना खोल्या. या खोलीत तोफेचे गोळे, या खोलीत दारू, इथे शिपाई झोपायचे, ही पाणी वाहून जायची गटारं. समुद्रातून शत्रूची जहाजं येतील म्हणून एवढं खणलं, तोफा लावल्या, माणसं महिनोन्‌महिने खाली ठेवली. "आणि मग?" अध्यक्षीणबाईंनी विचारलं. "मग काही नाही," पोरगी म्हणाली, "शत्रू आलाच नाही." बायका हसल्या. मला काही हसू आलं नाही. एवढी माणसं एवढे दिवस अंधारात बसली, आणि ज्याच्यासाठी बसली तो आलाच नाही! दमल्यासारखं झालं मला ते ऐकून.

मग वाट अरुंद झाली आणि ती पोरगी पुढे चालायला लागली. पाठ आमच्याकडे. तिचा आवाज कमानींवर आपटून माझ्याकडे नुसता गोंगाट होऊन येत होता, पाण्याखाली बसल्यावर येतो ना, तसा. एका मोठ्या खोलीत आम्ही गोल उभ्या राहिलो. ती काहीतरी बोलली, भिंतीकडे वळून बटणं शोधत बोलली, आणि बायकांनी एकमेकींचे हात धरायला सुरुवात केली. मला वाटलं, फोटो काढणार असतील. मी पदर नीट करत होते. तेवढ्यात दिवे गेले.

बाबा, असा काळोख मी जन्मात बघितला नव्हता. आपल्याकडे लाईट जातात, रोज जातात, पण कुठून तरी उजेड असतोच, रस्त्यावरच्या गाडीचा, कुणाच्या मोबाईलचा. इथे डोळे उघडे की मिटलेले तेच समजेना. आणि आवाज नाही. मागाहून सांगतात त्या, गाईड बोलत होती म्हणे सगळा वेळ, एक मिनिट दिवे बंद ठेवू, हलू नका, शिपाई कसे राहिले असतील त्याचा अनुभव घ्या. बायका खिदळत होत्या म्हणे, कुणी भुताचा आवाज काढला म्हणे. माझ्यापर्यंत काहीही आलं नाही. मला वाटलं, लाईट गेली आणि सगळ्या निघून गेल्या, मला खाली विसरल्या. मी हाका मारल्या. माझा आवाज मला घशात जाणवला, कानात नाही. मग मी हात पुढे करून चालायला लागले आणि कुणाच्या तरी अंगावर आपटले. माणूस होतं, जिवंत, गरम. आणि मी काय केलं सांगू? खांदा नाही धरला, हात नाही धरला. तोंड चाचपलं. गालावरून बोटं नेली आणि ओठांवर ठेवली, काय बोलतंय ते समजावं म्हणून. लूमच्या पट्ट्याखाली काम करताना डोळे वर करता येत नसले तर आपण करायचो ना, बोटं लावून समजून घ्यायचं, तसं. शेडमधल्या माणसाला त्यात काही वाटलं नसतं. पण त्या होत्या अध्यक्षीणबाई, जन्मभर शाळेत शिकवलेल्या, आणि त्यांच्या तोंडात बडीशेप होती. भुयारात कुणीतरी तोंडावर हात ठेवतंय म्हटल्यावर त्यांनी अशी किंकाळी फोडली म्हणे, की गाईडनं घाईघाईनं सगळे दिवे लावले.

उजेडात बघते तर चाळीस बायका माझ्याकडे बघतायत आणि माझा हात अजून बाईंच्या तोंडावर. "अहो, काय झालं काय तुम्हाला?" बाई ओरडल्या. सगळ्यांची तोंडं स्पष्ट दिसत होती, प्रत्येकीच्या ओठांवर तोच प्रश्न. एका क्षणात सांगून टाकता आलं असतं. एवढ्या बायका, सगळ्या कधीच्या ओळखीच्या, कुणी मला खाल्लं नसतं. पण त्यांच्यातल्या दोघी लेकीच्या ओळखीच्या, त्यांच्या सुना तिच्याबरोबर गोडाऊनला. आणि माझ्या तोंडून निघालं, "काय सांगू बाई, मला अंधाराची भीती वाटते." झालं! भुयार हसून दणाणलं असेल. कुणीतरी पाठीवर थाप मारली, कुणी पाणी दिलं. गाईड पोरगी माफी मागायला लागली, "आजी, आधी सांगायचं ना!" परत येताना बसमध्ये तोच विषय, माझीच नक्कल.

मी खिडकीला डोकं टेकून बसले. तुमचं वाक्य होतं ते, बाबा. बोली तेवढी वेगळी.

एकाहत्तरची लढाई चालू होती. मी नऊ वर्षांची. अंधार पडला की भोंगा व्हायचा आणि मग चाळीत एक दिवा दिसता कामा नये असा हुकूम. खिडक्यांना काळे कागद, फटींना चिंध्या. चाळीतल्याच चार तरुण पोरांच्या हातात शिट्ट्या आणि काठ्या आल्या होत्या, ती रोंद मारायची आणि कुठे उजेड दिसला की ओरडायची, "ए, बत्ती बुझाव!" सगळ्यांची घरं काळी ठिक्कर, आणि आपल्याकडे खाटेखाली कंदील जळतोय, वर गोधडी टाकलेली. आई हात जोडायची, नका हो, लोक नावं ठेवतील. तुम्ही ऐकायचा नाहीत. जेवताना गोधडी जराशी वर करायचा आणि आमच्या तोंडांकडे बघत बसायचा. एक दिवस गोधडीला आग लागता लागता राहिली, तरी नाही. मग एका संध्याकाळी जेवताना दाराच्या फटीतून उजेड गेला असेल. बाहेर शिट्ट्या झाल्या, हाका झाल्या, दार बडवलं. तुम्ही दाराकडे पाठ करून भात कालवत होता. आई उठेपर्यंत दार ढकलून ती पोरं आत. मागे अर्धी चाळ. "काय जॉबर, दुश्मनाला दिवा दाखवतोस काय? शिट्ट्या ऐकू येत नाहीत?" ताटावरून उठलात तुम्ही. एकेकाच्या तोंडाकडे बघितलंत. हात भाताचे तसेच. आपली शेड, सेठ, महिन्याचा पगार, आम्ही चार पोरं, सगळं त्या प्रश्नात होतं, आणि तुम्ही म्हणालात, "ऐकू येतं रे. भ्या वाटतं मला अंधाराचं." हसली सगळी चाळ. तुमच्या मरणापर्यंत लोक तुम्हाला भित्रा जॉबर म्हणत होते. मयताला आलेल्या एकानंही ती गोष्ट काढली होती. तुम्ही भित्रे नव्हता. काळोखात तुम्हाला कुणाचं तोंड दिसलं नसतं, आणि मग आम्ही असून नसल्यासारखे झालो असतो. तुमचा तो कंदील मला काल समजला.

आणखी एक आठवलं. चौदाव्या वर्षी मी सुताच्या कांड्या भरायच्या मशीनवर लागले, तुमच्याच शेडमध्ये. पहिल्या दिवशी दारातच तुम्ही मला थांबवलंत, खिशातून कापसाचे दोन बोळे काढलेत आणि माझ्या कानांत स्वतःच्या बोटांनी घातलेत, लहान पोराला काजळ घालावं तसं सांभाळून. "काढायचे न्हाय." एवढंच बोललात. दुसऱ्या मुली हसल्या म्हणून चहाच्या सुट्टीपर्यंत मी ते काढून टाकले होते. तुम्ही बघितलंत आणि सगळ्यांदेखत असे काही ओरडलात, की मी आठ दिवस तुमच्याशी बोलले नाही. आता वाटतं, का नाही सांगितलंत सरळ? पण सांगणार कसं? मी तरी कुठे सांगितलं कुणाला?

पंधरा दिवसांपूर्वीची गोष्ट. मी चुलीकडे, म्हणजे गॅसकडे, तोंड करून भाकऱ्या थापत होते. पिल्लूला खाली चटईवर ठेवलेली, त्यामुळे अंगठ्याला दोरी नाही. ती सरकत सरकत कपाटापाशी गेली आणि त्याच्या दारात बोटं सापडली तिची. खालच्या मजल्यावरची भाभी धावत वर आली, घराचं दार उघडंच होतं, तिनं मला हलवलं तेव्हा मी वळले. "क्या मौसी, बच्ची कब से चिल्ला रही है!" पोरीचा चेहरा जांभळा झाला होता, श्वास अडकलेला. मी म्हटलं, मिक्सर चालू होता. मिक्सर कोपऱ्यात कोरडा पडलेला, भाभीला दिसत होता.  लेकीला मी सांगितलं, आत्ताच लागलं गं, लगेच उचलली. दोन बोटं काळीनिळी होती, चार दिवसांनी उतरली. तुमच्या खोट्यानं एक कंदील जळत राहिला, बाबा. माझ्या खोट्यानं एक दिवस पोर गेली असती.

म्हणून आज सकाळी, लेक ड्युटीला निघायच्या आधी, मी गॅसजवळ उभी राहिले. तिला म्हटलं, माझ्या मागे उभी राहा आणि मला हाक मार. ती म्हणाली, "आई, रिक्षा थांबलीये, हे काय नवीन?" मी म्हटलं, मार तर खरी. आणि पाठ फिरवली. समोर भिंतीवर तेलाचे डाग होते, ते मोजत बसले. कितीतरी वेळ गेला. मला वाटलं, ही चिडून निघून गेली असणार. वळले तर ती तिथेच, हातभर अंतरावर, तोंडावर हात धरून, गालांवरून पाणी वाहतंय. "किती वेळा मारलीस?" मी विचारलं.  मग तिला राग आला, आणि यायलाच पाहिजे होता. "पाच महिने, आई! पाच महिने मी तुझ्या भरवशावर पोर टाकून जातेय!" बोटांचंही मी सांगून टाकलं, मिक्सरचं पण. तिनं पिल्लूला उचललं, पिशवी भरली, सुपरवायझरला फोन केला. जाताना दारातून परत आली, माझ्यासमोर उभी राहिली, माझी हनुवटी वर केली आणि सावकाश, तोंड मोठं करून म्हणाली, "पाळणाघर बघून येते. संध्याकाळी बोलू." तिला हे असं बोलायला कुणी शिकवलं नव्हतं. घर रिकामं आहे आता. दुपार झाली तरी जेवावंसं वाटत नाही.

आता मागून हाक मारायला लावायची ती युक्ती मला कुठून सुचली ते सांगते, म्हणजे झालं. वर लिहिलंय की तुमचा कंदील मला काल समजला. ते खरं नाही, पण खोडत नाही, राहू दे. लढाईच्या आधीची गोष्ट आहे. तुम्ही मोरीत बसून हातांचं ऑईल घासून काढत होता, पाठ माझ्याकडे. मी मागून हाक मारली, बाबा. मग जरा जोरात. मग चाळीतली पोरं द्यायची तशी एक शिवी दिली, बापाला कुणी देऊ नये अशी. तुम्ही हात घासत राहिलात. मला इतकी गंमत वाटली, की मी ती रोज करायला लागले. त्यामुळे त्या संध्याकाळी, अर्धी चाळ दारात उभी असताना, तुम्ही खोटं बोलताय हे दोघींना ठाऊक होतं, आईला आणि मला. आई रडत होती. मी हसले, बाबा, सगळ्यांबरोबर, सगळ्यांत जास्त. तुम्हाला ते ऐकू आलं नसणार. पण तुम्ही माझ्याकडेच बघत होता.